पार्टनरची नेमणूक

३ मार्च, संध्याकाळ
पिवळा लव्हबर्ड आणला. घरात बायकोचे तीन आहेतच. तिघं तिच्या खांद्यावर बसतात आणि मला पाहिलं की घर डोक्यावर घेतात. मला त्याचं काही वाटत नाही. पण घरात एक जीव तरी आपल्या बाजूचा हवा. नाव ठेवलं पार्टनर.

४ मार्च
दुकानदाराने बजावलंय की तीस दिवस वेगळ्या खोलीत ठेवा, आजार असेल तर कळतो. बायकोचंही तेच टुमणं. अहो, कर्मचारी विभागात बावीस वर्षं काढली. शेकडो माणसं रुजू करून घेतली, पाखराचं काय घेऊन बसलात! तरी तीस दिवस पाळणार म्हणजे पाळणार.

५ मार्च
हाताने काकडी भरवली. काकडी सोडून बोटाला चावला. आपुलकी.

७ मार्च
तीस दिवस हा नियम सरसकट आहे. हुशार उमेदवाराला सूट नको का?

८ मार्च, स. १०.२०
बायको बाजारात. पार्टनरला त्या तिघांच्या मोठ्या पिंजऱ्यात सोडलं. माझा माणूस खालून का सुरुवात करेल? थेट सगळ्यात वरच्या दांडीवर बसवला. तिथे थोरली हिरवी बसते. असो, बदल्या व्हायच्याच.

१०.२४
हिरवीने त्याच्या पायाचं बोट फोडलं. रक्त! सोडवायला हात घातला तर चौघंही मला चावले. हो, पार्टनरसुद्धा. गडबडीत ओळखलं नसेल.

दुपार
बायकोने बाजाराची पिशवी दारातच टाकली आणि आम्हा दोघांना दवाखान्यात नेलं. पक्ष्यांचे डॉक्टर म्हणाले, पुन्हा असं केलंत तर बोटावर भागणार नाही, जीवच जाईल. घाबरलो. खरंच घाबरलो. हातात एवढंसं धडधडत होतं ते.

९ मार्च
पार्टनरचा ताबा बायकोकडे. तीस दिवस पुन्हा पहिल्यापासून. मी वरून देखरेख करतो. मला पिंजऱ्यापाशी यायची बंदी आहे, पण देखरेख दारातूनही होते.

८ एप्रिल
दोन पिंजरे शेजारी शेजारी. मोठ्यातल्या दांड्या, वाट्या बायकोने सगळ्या हलवल्या. आता जागा सगळ्यांनाच नवी, कुणाची मक्तेदारी नाही. मी हेच सुचवणार होतो.

२० एप्रिल
चौघं एका दांडीवर! हिरवी पार्टनरची मान खाजवतेय. माझी योजना फत्ते. शाबासकी द्यायला आत गेलो. चौघं एका सुरात किंचाळले. पार्टनरचा आवाज सगळ्यांत खणखणीत.

२७ एप्रिल
पार्टनर बायकोच्या खांद्यावर. आठवडाभर मी बाहेरच्या खोलीत बसतो, तिथे वारा चांगला येतो. आज बायको बहिणीला फोनवर सांगत होती की नवा मस्त रुळला, ह्यांना मात्र अजून वेगळंच ठेवलंय. दोघी खूप हसल्या. वाईट वाटलं. अजून किती दिवस, हे विचारायला दारापर्यंत गेलो. चौघं ओरडले. परत आलो.