तांबूस धूर

प्रिय ठिणगी,

पाकिटावर माझं अक्षर दिसलं तर तू हे पत्र न फोडताच बाजूला टाकशील, अशी धास्ती होती. म्हणून पत्ता शेजारच्या शिंपीकाकांकडून लिहून घेतला. एवढी लबाडी केलीच आहे, तर आता वाच. फोन करून पाहिले, तू उचलत नाहीस. उचललास तरी माझा आवाज हल्ली इतका बारीक आणि सपाट येतो, की मी तुला किराणा सामानाची यादी वाचून दाखवतोय असं वाटावं. हे पत्र माफी मागण्यासाठी नाही. तुझ्या जागी मी असतो तर मीही दिली नसती. तुझ्याकडे एक काम आहे, ते शेवटी सांगतो, कारण आधी सांगितलं तर तुझा विश्वास बसायचा नाही. तू पडलीस प्रयोगशाळेतली, तुला आधी पुरावा लागतो.

कागद बघून नाक मुरडू नकोस. दुरेघी वही आहे, लहान मुलं अक्षर गिरवतात ती. दुकानदाराने विचारलं, नातवासाठी का? मी हो म्हणून मोकळा झालो. दोन रेघांत कोंडून ठेवलं की माझं अक्षर जरा अंगाने भरतं. कोऱ्या कागदावर पहिला शब्द ठीक येतो, मग अक्षरं बारीक होत जातात आणि ओळ संपता संपता नुसत्या मुंग्या उरतात. रोज पाऊण पान लिहून हात थांबतो. आजचा आठवा दिवस आहे.

तुझी आई गेली त्या दिवसाबद्दल आधी लिहायला हवं, नाहीतर तू पुढे वाचणारच नाहीस. तिला घरातून नेत होते. दारात माणसं उभी होती, तू माझा दंड घट्ट धरून रडत होतीस, आणि मी हसलो. ओठ जरा हलले एवढंच नाही, खो खो हसलो, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. तुझ्या मावशीने मला आत नेऊन बसवलं, तरी भिंतीकडे तोंड करून हसतच होतो. तू दंड सोडलास. "बाबा, जन्मभर तिने तुमचे डागाळलेले कपडे धुतले आणि तुम्ही हसता?" एवढंच म्हणालीस आणि त्यानंतर सात महिने एक शब्द नाही. तुझं काही चुकलं नाही. भरल्या घरातून बायकोला नेताना हसणाऱ्या माणसाशी कोण बोलेल?

कपड्यांवरून आठवलं. तू गावाच्या पाणी शुद्धीकरण केंद्रात पाण्यातून मँगनीज काढायचीस आणि मी ओतकाम कारखान्यात वितळलेल्या लोखंडातून. तुझी आई म्हणायची, बापलेक मिळून एकच काळं उपसता आणि डाग मात्र माझ्या नशिबी. पाण्यात ते राहिलं की पांढऱ्या कपड्यांवर तपकिरी नकाशे उमटतात. लोखंडात राहिलं की ओतलेला भाग कडक होतो आणि एक दिवस चालत्या यंत्रात तडकतो. पाण्यातलं मँगनीज काढायला मँगनीजचंच जांभळं औषध घालावं लागतं, हे तू पहिल्यांदा जेवताना सांगितलंस, तेव्हा ती म्हणाली होती, "वा! घरातला उंदीर घालवायला दुसरा उंदीर आणायचा!" किती हसलो होतो आपण तिघं. ते हसणं कसं होतं, आठवतंय ना?

आणि तुझी ती वाळू. नोकरीला लागून जेमतेम तीन महिने झाले होते. फिल्टरमधली वाळू काळीकुट्ट दिसते म्हणून तू ती खालून पाण्याचा जोर देऊन धुतलीस, आम्लाने धुतलीस, दोन दिवस हटून बसलीस आणि वाळू अगदी गोरीपान करून सोडलीस. तिसऱ्या दिवशी अर्ध्या गावाच्या नळांना चहासारखं पाणी. साहेबांनी सगळ्यांसमोर सांगितलं, की मँगनीज धरून ठेवतो तो त्या वाळूवरचा काळा थरच, त्यानेच तर सगळं काम होतं. तू घरी येऊन उशीत तोंड खुपसून रडलीस. दुसरा कुणी आळशी माणूस असता तर ही चूक त्याच्या हातून झालीच नसती, असं मी म्हणालो, ते तुला पटलं नाही. मग तुझी समजूत काढायला मी माझ्या पंख्याची गोष्ट सांगितली. तीच आता पुन्हा सांगायची आहे.

वितळलेल्या लोखंडात ऑक्सिजनची नळी धरली की मँगनीज जळतं आणि वर तरंगणाऱ्या मळीत जाऊन बसतं. मळी तेवढ्यात ओढून काढायची. जरा रेंगाळलो आणि भट्टी जास्त तापली, की मळीत गेलेलं मँगनीज पुन्हा लोखंडात उतरतं आणि सगळी मेहनत वाया. म्हणजे नेमकी वेळ साधली पाहिजे. नमुना तपासायला पाठवला तर वीस मिनिटं जायची, आणि तोवर तिथे कोण थांबतंय! मी धूर बघून ओळखायचो. मँगनीज जळतं तोवर धूर दाट, तांबूस. संपत आलं की विरळ होतो, पांढरट होतो. पण भट्टीच्या डोक्यावरचा मोठा पंखा चालू असला तर धूर दिसायच्या आत ओढला जातो. म्हणून शेवटची दहा मिनिटं मी पंखा बंद करायचो आणि तोंडावरचा मास्क खाली ओढायचो, कारण धुराच्या वासातही फरक पडतो. दिवसातून पाच-सहा भट्ट्या, बावीस वर्षं. माझा अंदाज तीनदा चुकला, फक्त तीनदा. बाहेरगावचे लोक बघायला यायचे. माझी छाती कशी फुगायची, तुला माहीत आहे.

त्या दिवशी तू उशीतून डोकं काढून मला विचारलंस, "बाबा, लोखंडात किती राहिलं ते तुम्ही ओळखता, पण तुमच्या नाकात किती गेलं ते कोण मोजतं?" मी हसलो. ते हसणं मात्र माझं स्वतःचं होतं, ठिणगी. त्याची माफी मागायची असेल तर मागतो.

पाय अडखळायला लागून आता दोन वर्षं झाली. मला वाटलं, वय झालं. तुझी आई म्हणायची, चवड्यांवर चालता, कोंबडा दिसता अगदी. तिने मला डॉक्टरकडे जायला किती विनवलं, आणि मी आज-उद्या करत राहिलो. ती गेल्यानंतर एकदा स्वयंपाकघरात मागे सरकताना पाठीवर पडलो. शिंपीकाका मला जवळपास उचलूनच घेऊन गेले. डॉक्टरीणबाई तुझ्याच वयाच्या. त्यांनी मला त्यांच्याकडे तोंड ठेवून चार पावलं मागे चालायला सांगितलं, मला दोनही जमली नाहीत. मग एक कोरा कागद देऊन म्हणाल्या, स्वतःचं नाव पाच वेळा लिहा. पाचवं नाव मलाच वाचता आलं नाही. मेंदूचा फोटो काढला, त्यात मधोमध दोन पांढरे डाग. कामाचं स्वरूप विचारलं, मी सांगितलं. पंख्याचंही सांगितलं. बाईंनी पेन खाली ठेवलं.

सलाईनमधून औषध दिलं, पंधरा दिवस. लघवीतून मँगनीज भराभर निघालं. मला वाटलं, एक बाटली तुझ्याकडे तपासायला पाठवावी, तुला तेवढीच गंमत. पण मेंदूचं जे व्हायचं होतं ते आधीच होऊन गेलं होतं. बाई स्वच्छ म्हणाल्या, आता यातून मागे येणं नाही. पाण्यातून काढायला तू आहेस, लोखंडातून काढायला मी होतो, माणसातून काढायला कुणीही नाही. गोळ्या आहेत, त्यांनी मळमळतं एवढाच गुण.

त्या हसण्याचंही मी बाईंना विचारलं. विचारायला चार भेटी लागल्या, लाज वाटत होती. त्या म्हणाल्या, या आजारात होतं असं, कारण नसताना हसू येतं नाहीतर रडू, आणि एरवी चेहरा दगडासारखा राहतो. मला हे कळून दोन महिने झाले. त्याच दिवशी तुला कळवता आलं असतं. पण वाटलं, आजाराची चिठ्ठी दाखवून सुटका मागणं हे शाळा बुडवणाऱ्या पोरासारखं होईल. आणि खरं सांगू? रागावलेली का होईना, तू माझ्यावर रागावण्याइतकी माझी आहेस, असं वाटायचं. दया आली की राग जातो आणि माणूसही जातं. त्या दिवशी मी आतून ओरडत होतो, ठिणगी. तुझ्या आईशिवाय मला जगायचं नव्हतं आणि आजही नाही. चेहऱ्याने माझं ऐकलं नाही, एवढंच.

आता काम सांगतो. तुझा नवरा माझ्या हाताखाली आला तेव्हा अजून तुझा नवरा झाला नव्हता. तू डबा घेऊन फाटकाशी यायचीस आणि हा पठ्ठ्या बरोबर त्याच वेळी पाणी प्यायला बाहेर निघायचा. नोंदवहीत त्याची अक्षरं एवढी दांडगी, की पानावर चारच भट्ट्या मावायच्या. साहेब खेकसायचे, "अरे, ही नोंदवही आहे की दुकानाची पाटी?" कामाला मात्र वाघ. मी त्याला माझी सगळी विद्या दिली. धूर कसा बघायचा, मास्क केव्हा खाली करायचा, पंख्याचं बटण कुठल्या खांबामागे आहे. सहा वर्षांपूर्वी माझी जागा त्याला मिळाली, तेव्हा पेढे मी वाटले होते. तू बोलणं सोडल्यापासून तुला न सांगता तो मला दर महिन्याला पत्र लिहितो. त्याच्यावर चिडू नकोस, तुझी खुशाली मला तेवढ्यावरच कळते. तीन आठवड्यांपूर्वी सातवं पत्र आलं. चष्मा लावूनही ते मला वाचता येईना. मग मी सातही पत्रं टेबलावर ओळीने मांडली. पहिल्यात ओळीला चार शब्द आहेत, दुकानाची पाटी. सातव्यात ओळीला अकरा, आणि शेवटी मुंग्या. शिंपीकाकांकडून भिंगाखाली वाचून घेतलं. त्याने लिहिलं आहे, "ही म्हणते मी हल्ली तोंड पाडून बसतो, हिच्याशी हसत नाही. बाबा, मी तर खुशीत असतो, मला कळत नाही." मी लगेच उलट पत्र पाठवून पंख्याचं विचारलं. एका ओळीचं उत्तर आलं, "तुमच्यासारखाच बंद करतो, मी ठणठणीत आहे, हिला काही सांगू नका." तर मी तुला सांगतो आहे. आज हे वाचून झालं की त्याच्यापुढे कोरा कागद ठेव, रेघा नसलेला, आणि त्याला त्याचं नाव पाच वेळा लिहायला सांग. मग त्याला भट्टीवर पाठवू नकोस, उद्यासुद्धा नाही. बाई म्हणतात, लवकर लांब नेलं तर काहींचं आहे तिथेच थांबतं. गेलेलं कुणाचंच परत येत नाही. मला तर हे पत्र लिहितानाही उशीर झाल्यासारखंच वाटतं आहे. पण एवढं तरी लक्षात ठेव, तो तुझ्यावर रुसलेला नाही. तू बोलत असताना त्याचा चेहरा हलला नाही, तरी तो आतून हसत असेल. आणि उद्या तू रडत असताना तो हसला, तर माझा दंड सोडलास तसा त्याचा सोडू नकोस.

तुझाच,
बाबा