सातवा सेकंद

प्रिय नारिथ दादा,

फोनवर तू ‘पुन्हा ते नको’ म्हणून ठेवून देशील, म्हणून लिहिते आहे.

दर एप्रिलला टीव्हीवर युद्धाची आठवण म्हणून ते सहा सेकंद दाखवतात. पुलाकडे चाललेली गर्दी, तिच्यात आई, तिच्या कडेवर मी. त्याच गर्दीत हरवलेल्या तुला परक्यांनी वाढवलं; वीस वर्षांनी तू सापडलास. त्या चित्राबद्दल तू एकदाच बोललास: “बघ, सात वर्षांचा पोरगा मागे राहिला आणि ही बाई मान वळवत नाही.” आई आत मासे साफ करत होती. तिनं ऐकलं. तू बट्टंबांगला, तुझ्या गावी परत गेलास, तो सहा वर्षं आला नाहीस.

गेल्या महिन्यात पॅरिसहून, मी काम करते त्या फिल्म संग्रहालयात जुनी रिळं आली. एका डब्यावर फक्त ‘पूल, निर्वासित’. आमच्याकडे रीळ पूर्ण कुणी बघत नाही. कार्यक्रमवाले हवा तेवढा तुकडा नेतात, पुढचे त्या तुकड्यावरूनच आपला तुकडा काढतात. रीळ यंत्रावर चढवताना आमचे जुने यंत्रचालक न्हेमकाका म्हणाले, “मिरची चाटून भात टाकणारी जात ही. तू बस गं मालिस, भातही खा.”

मी बसले. सातव्या सेकंदाला आई थांबते. बाजूला हात चाचपते. वळते. तोंड उघडतं, रिळाला आवाज नाही, पण तुझं नाव ओठांवर दिसतं. लोक तिला पुढे रेटतात. ती कडेवरचं मूल एका अनोळखी बाईच्या हातात कोंबते आणि गर्दीच्या उलट धावत सुटते. मग रीळ संपतं.

ती बाई म्हणजे पुढे आईची मैत्रीण झालेली होर्नमावशी. तिनं मला संध्याकाळपर्यंत सांभाळलं, एवढंच मला माहीत होतं. तू मागे धावलीस हे कधी का सांगितलं नाहीस, असं आईला परवा विचारलं. म्हणाली, “सापडला नाही ना तो? मग धावले हे कुठल्या तोंडानं सांगू?”

नव्या कार्यक्रमासाठी पुन्हा तेच सहा सेकंद मागायला आले होते. मी म्हटलं, सगळं दाखवा, नाहीतर काहीच नाही. कुरकुरले, पण कबूल झाले. मात्र त्याआधी ते तू बघावंस. गुरुवारच्या बसनं आम्ही दोघी येतोय. आईनं स्वतःच पिशवी भरली आहे. त्या दिवशी तिनं सोडलं ते मला, दादा, आणि माझी काही तक्रार नाही. दार उघड.

तुझीच,
कडेवरची मालिस