आज सातला फवारा येणार नाही

नाना,

मी सकाळच्या शिफ्टला निघालोय. आज सात वाजता मागच्या ग्रीनहाऊसमध्ये जाऊन उभे राहू नका. फवारा येणार नाही. आज रात्री तापमान उणे पाच आहे. नळीत पाणी राहिलं तर गोठून फुटेल, म्हणून निघण्याआधी सगळं बंद केलं.

नळीतलं पाणी काढलं, नोझल धुऊन डब्यात ठेवले. फवाऱ्याचा टायमर घरात आणून सेल काढले आणि तिथेच चूक झाली. तुमच्या लेकीने लावलेल्या वेळा पुसल्या गेल्या. सेल परत घातले तर नुसते बारा वाजलेले दिसतात. लग्न झाल्यापासून असलं सगळं तीच लावायची, मी कधी शिकलो नाही. आधी लिहून घ्यायला हवं होतं. मला माफ करा.

तिथला कढीपत्ता ती गेली त्याच महिन्यात वाळला. तुम्ही रोज झाडांसाठी जात नव्हता, एवढं मला कळत होतं. घरात तिचं चालू राहिलेलं तेवढंच होतं.

पोहे झाकून ठेवलेत, गरम करून घ्या. दिवसभरातल्या बाकीच्या वेळा तुम्हाला पाठ असतील, पण मला सांगू नका. मी त्या परत लावणार नाही. मी लावल्या तर त्या तिच्या राहणार नाहीत.

गुरुनाथ