दादाचं पिस्तूल

दि. ९ जून

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

राष्ट्रीय मैदानी स्पर्धा संपून आठवडा झाला, म्हणून आता शिव्या न देता लिहिता येतंय. शंभर मीटर हर्डल्सची फायनल, आठवी लेन, आणि पिस्तूल वाजण्याआधी हलले म्हणून फाउल स्टार्टचं लाल कार्ड दाखवायला सख्खा भाऊ! सात वर्षं घाम गाळला आणि एकही अडथळा न ओलांडता बॅग उचलून बाहेर. एकतिसाव्या वर्षी आता राष्ट्रीय शिबिराचं नाव घेऊ नकोस, असं प्रशिक्षकबाई म्हणाल्या.

आईने तुझा फोटो भिंतीवरून उतरवलाय. बाबा म्हणाले, पंचाला बहीण नसते. आई म्हणाली, मग त्याला आईही नसू दे. मी कामाला जाते त्या रुग्णालयाच्या धुलाईखान्यात मुकादम रोज पदक कुठाय विचारतो. मी चादरींच्या इस्त्रीच्या रोलरकडे बोट दाखवते आणि म्हणते, आत पडलंय, हात घालून बघा.

पण मी हललेच कशी? इतक्या वर्षांत एकदाही फाउल केला नव्हता. उत्तर असेल तर कळव, नसेल तर गप्प बस.

लोभ आटलाय, संपलेला नाही.
टिटवी

दि. १५ जून

चि. टिटवीस अनेक आशीर्वाद.

शिव्या दिल्या असत्यास तरी चाललं असतं. तुझी शर्यत मला नको, असं मी लेखी दिलं होतं. पण पिस्तूल उडवणारे दुसरे स्टार्टर तापाने फणफणले. तू हललीस हे यंत्रानेही दाखवलं. तरी चूक माझी.

लहानपणी गच्चीवर तुला स्टार्ट शिकवताना मी टाळी वाजवण्याआधी जोरात श्वास ओढायचो. तू लबाड, टाळीपर्यंत थांबायचीच नाहीस, श्वासावरच सुटायचीस. मला कौतुक वाटायचं, म्हणून कधी रागावलो नाही. त्या दिवशी 'सेट' म्हटल्यावर माईक तोंडाशीच राहिला. तुला ब्लॉकवर बघून ऊर भरून आला आणि श्वास ओढला गेला. तो तुझ्यामागच्या स्पीकरमधून वाजला. बाकी सातजणींना त्याचा अर्थ ठाऊक नव्हता. रेकॉर्डिंग ऐकल्यावर मला हे उमगलं, तोवर तक्रारीची मुदत टळली होती.

पंचमंडळाचा राजीनामा लिहून ठेवलाय. तू हो म्हण, की देतो. आईला सांग, मी वेळेवर जेवतो.

माया करण्याची सवय मोडू नकोस.
दादा

दि. २१ जून

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

पत्र वाचून आधी रडले, मग इतकी हसले की इस्त्रीवाल्या बायका घाबरल्या. आईला वाचून दाखवलं. तिने तुझा फोटो पुसून पुन्हा टांगला.

राजीनामा फाड. श्वास तुझा होता, पण पाय माझे होते आणि नियम मला तोंडपाठ आहे. आता रोज सकाळी चौघी मैत्रिणी माझ्या मागे उभ्या राहून श्वास ओढतात, खोकतात, शिंकतात. मी ढिम्म हलत नाही. प्रशिक्षकबाईंना सांगून आलेय, शिबिराचं नाव तुम्ही घेऊ नका, मी घेईन. बत्तिसाव्या वर्षी पाय गळून पडतात, असं कुठे लिहिलंय?

आता नीट ऐक. माझी शर्यत पुन्हा टाळायची नाही. तू नसताना जिंकले, तर लोक म्हणतील भावाला घाबरून होती. मी कुणाच्या बापालाही घाबरत नाही. आपला बाप तुझ्या बाजूने बोलला, तरी त्यालाही नाही. पुढच्या वर्षी पिस्तूल तूच धर. आणि मी हललेच, तर पुन्हा बाहेर काढ.

लोभ आहे तेवढा आहेच. कमी करून बघ, जमतंय का.
टिटवी