बोकड पचला, सौदा नाही

ओथाया, जून

तीर्थरूप कारीथी मामांच्या चरणी भाचा न्दिरांगूचा दंडवत. गुडघे कसे आहेत? मामी अजून चहात साखर घालू देत नाहीत ना? नकोच ती साखर. इकडे सगळं खुशाल, म्हणजे तुमची भाचेसून वांगेची खुशाल, चहाची झुडपं खुशाल, आणि तुमचा भाचा, एवढा शिकलेला मास्तर, रोज सकाळी गवत कापतोय.

त्याचं असं झालं. ओढ्याकाठचा गाथोगोचा पाव एकर तुम्हाला ठाऊकच आहे. नोव्हेंबरात त्याला पैशाची नड होती आणि माझ्या खात्यात कारखान्याकडून चहाच्या पानांचा बोनस नुकताच पडला होता (खातं माझं, झुडपं माझ्या नावावर, पानं वांगेची खुडते, पण ते तूर्त बाजूला ठेवू). ती माहेरी गेलेली. मी तीन लाख शिलिंग दिले. करारनामा झाला, बोकड कापला, म्हाताऱ्यांनी हाडं चघळत आशीर्वाद दिले, हद्दीची खूण म्हणून बांधावर लिलीचे कंदही लावले. आपल्यात बोकड पोटात गेल्यावर कोणी शब्द फिरवतं का, मामा? वकिलाने बजावलं होतं, "मास्तर, शेतजमीन आहे, सहा महिन्यांच्या आत लँड बोर्डाची परवानगी घ्या." मी म्हटलं, "अहो, तुमचं बोर्ड काल आलं, आमचा बोकड पणजोबांपासून आहे." केवढा मी शहाणा!

चार महिने या मिजाशीत गेले. मग जावं म्हटलं, तर बोर्डापुढे विकणाऱ्याची बायकोही लागते, आणि गाथोगो येतोय एकटाच. एकदा म्हणे त्याच्या बायकोची, वामुयूची, कंबर धरली, एकदा तिची मावशी वारली, पुढच्या खेपेला तीच मावशी पुन्हा वारली. सातव्या महिन्यात बाई आल्या, आणि भर बोर्डात म्हणाल्या, "कसली विक्री? तिथं माझं गवत आहे!" सगळी खोली हसली. अध्यक्ष म्हणाले, "मास्तर, मुदत सरली. या कागदावर आता चूल पेटवा. दिलेले पैसे मात्र कायद्याने परत मागता येतील."

पैसे परत! गाथोगोने त्यांची केव्हाच गाय घेतली होती. शेवटी म्हाताऱ्यांनी तोड काढली आणि ती गाय माझ्या दारात बांधली. झकास गाय आहे हो, पण खाते किती! आणि गवत कुठलं? त्याच पाव एकरातलं. वामुयूकडून विकत घेतो, कापायचं मीच. वर म्हणते कशी, "मास्तर, मुळाशी कापा, शेंडे काय खुडता, चहा आहे का तो?"

तुमचा,
न्दिरांगू

ता.क. मूळ मुद्दा राहिलाच. वांगेचीला यातलं काही माहीत नाही. बोनस बँकेत आहे असं तिला वाटतं, आणि गाय तुम्ही भेट धाडली असं मी सांगितलंय. रविवारी ती केळी घेऊन तुमचे आभार मानायला येतेय. मामा, पाया पडतो, "असू दे गं" एवढंच म्हणा. तिला कळलं तर माझी धडगत नाही.

ता.ता.क. मामा, मी वांगेची. पत्र टपालात टाकायला यांनी माझ्याकडेच दिलं. सहा महिने बोर्डाकडे फिरकू नकोस, असं वामुयूला मीच सांगितलं होतं. आमची भिशी एकच. मी उन्हापावसात पानं खुडायची आणि यांनी मला न विचारता सौदे करायचे, हे कुठलं? फार लागलं मला ते. आता गाय वामुयूला परत, आणि पाव एकर माझ्या नावावर. नवा कागद तयार आहे, पुढच्या गुरुवारी बोर्ड आहे, वामुयू जातीने येणार. रविवारी केळी आणतेच. साक्षीदार म्हणून तुमची सही हवी. यांना एवढ्यात कळवू नका. बोर्डाचा शिक्का पडू दे, मग जेवायला वाढताना मीच सांगेन.