आमराईतला बांदा

११ मे, रविवार

फुललं! तिसऱ्या आंब्याच्या बेळक्यात, दोन पुरुष उंचीवर. मी शिडीच्या शेवटच्या पायरीवर, एका हातात भिंग — आणि समोर एकाच दांड्यावर आठ फुलं. हिरवट पिवळ्या पाकळ्या, त्यांवर तपकिरी रेघांची चौकडी. मधली जीभ जांभळी. वासही आहे! पुस्तकात तसं लिहिलंय, पण वाचून काय कळणार.

वर्षभर नुसती पानं आणि मुळं बघून वहीत ‘बहुतेक व्हँडा टेसेलाटा’ असं लिहिलं होतं. आज ‘बहुतेक’ खोडलं. तीन वेळा पडताळलं, मग खोडलं.

अप्पांनी खाली शिडी धरली होती. विचारलं, ‘अप्पा, ह्याला तुम्ही काय म्हणता?’

‘बांदा.’

‘आणखी काही?’

‘समदी बांदाच म्हणत्यात. उतर आता, शिडी डुगडुगायलीय.’

ग्रामपंचायतीच्या जैवविविधता नोंदवहीतली ही माझी शेवटची वनस्पती. एकशे बेचाळिसावी. स्थानिक नाव, शास्त्रीय नाव, उपयोग हे रकाने सरकारचे. ‘शास्त्रीय नावाचा अर्थ’ हा रकाना मी जादा पाडला. आमच्या घरात शाळेची पायरी चढलेली मी पहिली. कॉलेजात ती लांबलचक नावं पाठ करताना घाम फुटायचा. अर्थ कळला की भीती जायची. गावालाही कळावा, म्हणून. २९ तारखेच्या ग्रामसभेत वाचून दाखवायचं. खाली माझी सही.

१२ मे

आमराई पुन्हा मोजली. अकरा झाडं, तेरा बांदे. काल बाराच भरले होते. बरं झालं पुन्हा गेले.

१३ मे

खरी अडचण आज लिहून टाकते.

शेवटचा आंबा उतरला की पुढच्या रविवारी गावआमराईतलं बांडगूळ काढायचं, ही आमच्याकडची रीत. घरटी एक माणूस खाली उभा. वर मात्र एकटे अप्पा — कमरेला दोर, दोरात अडकवलेला कोयता. तीस वर्षं. बांडगूळ झाडाचा रस पितं, फांदी वाळवतं, ते काढायलाच हवं. पण गावाच्या लेखी बांदाही त्यातलाच. दुसऱ्याच्या झाडावर बसलाय म्हणजे खाणारच! यंदाचा रविवार ८ जूनचा. ऐन फुलात.

बांदा आंब्याचं काही खात नाही. हवेतला ओलावा आणि सालीवर साचलेली धूळमाती, एवढ्यावर जगतो. हे मला माहीत आहे, आणि अप्पांना सांगायला जीभ रेटत नाही. बापाच्या ज्या कोयत्यानं मला एम.एस्सी.पर्यंत नेलं, त्याला म्हणू का — निम्मं चुकीचं तोडलंत?

१५ मे

गौरीशंकर सरांचा फोन. झाडं ओळखायला त्यांनीच शिकवलं, नोंदवहीही तेच तपासणार. अडचण सांगितली तर मोठ्यानं हसले. ‘अगं सोपं आहे! व्हँडा म्हणजे वंदा, वंदा म्हणजे वंदनीय. रकान्यात एवढंच लिही. तुमच्या आमराईचं बघणारे बब्रुवान काका स्वतः त्याच्यापुढं नारळ फोडतील. तेराच्या तेरा वाचतील.’

‘सर, असं कुठं दिलंय?’

‘कानाला पटतंय ना? मग झालं.’

सर वाईट नाहीत. झाडं वाचावीत असंच त्यांना वाटतं. पण कानाला पटतंय, हेच मला खुपतंय.

१७ मे

धाराशिवला जाऊन आले. नळदुर्गला एसटी बदलली, पुढं उभ्यानं. ग्रंथालयात तीन तास. जुना संस्कृत कोश — पान उलटताना कड हातात येते. ग्रंथपाल बाई दोनदा मागं येऊन उभ्या राहिल्या, मी फाडत तर नाही ना बघायला.

सापडलं. वंदा — दुसऱ्या झाडावर वाढणारी वनस्पती; परजीवी. त्या नोंदीत वंदनाचा मागमूस नाही. सव्वादोनशे वर्षांपूर्वी एका इंग्रजानं बंगालमध्ये हेच इथलं नाव उचललं, पुढं दुसऱ्या एकानं ते शास्त्रात पक्कं केलं. अप्पांचा ‘बांदा’ही त्याच शब्दाच्या घराण्यातला. म्हणजे साऱ्या जगातले लोक ह्या फुलाला हाक मारतात ती आमच्याच शब्दानं! बसमध्ये एकटीच हसत होते.

‘टेसेलाटा’ लॅटिन. बारीक चौकोनी दगड बसवून केलेली फरशी. पाकळ्यांवरच्या चौकडीवरून. मध्यंतरी ह्याला एका साहेबाचं नाव चिकटवलं होतं. पण चौकडीचं नाव आधीचं निघालं, म्हणून शेवटी तेच राहिलं. हे मला फार आवडलं. साहेबाचं नाव गेलं, फुलाचं रूप राहिलं.

तर पूर्ण अर्थ असा — ‘दुसऱ्याच्या झाडावर राहणारा, फरशीसारख्या चौकडीचा.’

आणि हा मी सभेत वाचला की बब्रुवान काका म्हणणार, बघा, शास्त्रातबी बांडगूळच!

१८ मे

आईला अर्थ सांगितला. ‘फरशीवानी फूल?’ म्हणाली. ‘जनावराच्या दवाखान्यात हाय बघ तसली चौकटीची फरशी. लई घाण असती.’

२० मे

चन्नबसप्पा मामांची मेंढरं आपल्या रानात खताला बसलीयत. दरवर्षी आळंदकडून येतात. त्यांना फूल दाखवलं. ‘बदनिके,’ म्हणाले. अर्थ विचारला.

‘मंदीच्या झाडावर फुकट ऱ्हातंय त्ये.’ मंदी म्हणजे लोक.

संस्कृत, मराठी, कानडी. तिन्ही भाषांनी एकमतानं चोर ठरवलंय. फांदी फोडून कुणी बघितलेली दिसत नाही.

२२ मे

सर पुन्हा. मी कोशातलं वाचून दाखवलं. सर म्हणाले, ‘शिवांजली, तुझ्या खऱ्यानं ते झाड मेलं, तर त्या खऱ्याचं काय करशील?’

उत्तर फोन ठेवल्यावर अर्ध्या तासानं सुचलं — नेहमीसारखं! खोट्या अर्थावर वाचलेलं झाड, पुढं कुणी कोश उघडला की त्याच दिवशी जाणार. आणि मग आमच्या बाकीच्या एकशे एक्केचाळीस नोंदींवरही कुणी विश्वास ठेवणार नाही. सही माझी आहे. लिहिणार ते कोशातलं. पण त्याच्याखाली माझ्या डोळ्यांनी बघितलेलंही लिहिणार.

सरांना तसा मेसेज केला. हलकं वाटलं.

२४ मे

काल दुपारच्या वावटळीत सातव्या आंब्याची फांदी पडली. बघते तर एकाच फांदीवर बांदाही आणि बांडगूळही! मागून अशी फांदी मिळाली नसती.

अप्पांना म्हटलं, बांडगुळाच्या गाठीवर चिरा. त्यांनी एका घावात उभी फोडली. बांडगुळाचं लाकूड आंब्याच्या लाकडात पाचरीसारखं घुसलेलं, कुठं कुणाचं संपतं ते कळू नये इतकं. मग बांद्याचं मूळ थोडं उचललं. जाड, राखाडी, दोरीसारखं. त्याच्याखाली साल जशीच्या तशी. ओरखडासुद्धा नाही. मुळावर पाणी शिंपडलं, तर बघता बघता हिरवं झालं.

अप्पांनी उकिडवं बसून सगळं बघितलं. काही विचारलं नाही. उठताना म्हणाले, ‘सभेत ह्येच दाव. बोलू नगंस लई.’

फांदी पोत्यात गुंडाळून सावलीत ठेवलीय.

२९ मे

सगळं लिहिते, नाहीतर उद्या मी त्यात भर घालीन.

समाजमंदिरात सभा. आधी टाकी, मग रस्ता, मग नोंदवही. तोवर निम्मी माणसं उठायच्या बेतात. सरपंचांनी एकशे एक्केचाळीस नावं ‘वाचली असं समजा’ म्हणून उरकली. एका वर्षाचं काम! पण मी म्हटलं, शेवटचं मात्र वाचणार.

‘बांद्याचं काय वाचायचं?’ बब्रुवान काका. आमराईचं सगळं तेच बघतात. ‘त्येचे आठ तारखेला बारा वाजणारच हायत.’

हशा. मी वाचलं. व्हँडा — वंदा — बांदा. दुसऱ्याच्या झाडावर राहणारा. टेसेलाटा — चौकडीचा.

काकांनी मांडीवर थाप मारली. ‘घ्या! शास्त्रबी त्येच म्हणतंय!’

‘काका, राहणारा म्हणतंय. खाणारा कुठं म्हणतंय?’ खरं तर कोशात ‘परजीवी’ होतं. ते मी गिळायला निघाले होते. मग मीच थांबले आणि म्हटलं, ‘नाही, जुन्या कोशात खाणाराही म्हटलंय. पण ते चूक आहे. का, ते दाखवते.’

पंचायत सदस्य द्वारकाबाई पदर तोंडाला लावून म्हणाल्या, ‘पंचविशी आली तरी बापाच्या झाडावरच बसलीय. तिला बांद्याची कड घ्याविशी वाटणारच की!’

लई हसली माणसं. तरी म्हटलं, ‘आत्या, मग मलाच विचारा. बसून राहणाऱ्याचं माझ्याइतकं कुणाला कळणार?’ त्याच सगळ्यात जास्त हसल्या.

फांदी टेबलावर ठेवली. गाठ दाखवली. हातोहात फिरवली. मग बांद्याचं मूळ, खालची साबूत साल. तांब्यातलं पाणी टाकलं. पुढच्या रांगेतलं कुणी तरी ओरडलं, ‘आयला, पोपटी झालं की!’ मग मागचे पुढं आले, खुर्च्या सरकल्या, सरपंच उठून बघायला आले. जिंकल्यासारखं वाटलं. तेवढ्यात —

‘शिवांजली,’ काका म्हणाले, आणि ह्या वेळी हसत नव्हते. ‘मग तुझ्या बापानं तीस वर्षं वर चढून काय तोडलं? चुकीचं तोडलं, म्हण की भर सभेत.’

अप्पा दाराशी, खांबाला टेकून. त्यांच्याकडं बघायचं नाही असं ठरवलं होतं. बघितलं. ते जमिनीकडं बघत होते.

‘त्यांना कुणी सांगितलं नव्हतं’ असं म्हणता आलं असतं. ‘गावानं सांगितलं तेच केलं’ असंही म्हणता आलं असतं. दोन्ही खरंच होतं. पण प्रश्न तो नव्हता. मी म्हटलं, ‘जे बांदे तोडले असतील, ते विनाकारण गेले.’

अप्पा पुढं आले. टोपी काढली, झटकली, पुन्हा घातली. ‘व्हय. तोडलं म्या. म्हाइत न्हवतं. आता लेकीनं दावलंय, आता न्हाय तोडणार.’ आणि जाऊन पुन्हा खांबाला टेकले.

‘बरं, गोरोबा. तूच चढणार, तूच बघ मग,’ काका म्हणाले. गाठ असेल ते काढायचं, बांदा ठेवायचा — ठराव मंजूर. खाली मी सही केली.

३० मे

पडलेला बांदा सुतळीनं पुन्हा सातव्या आंब्याला बांधला. म्हणजे तेराच राहिले.

पण अप्पांच्याच तोंडून त्यांची चूक वदवून घेतली, आणि ती मी. गोठ्यात जाऊन विचारलं, ‘अप्पा, चुकलं का माझं?’

‘खरं बोलून कुणाचं चुकतंय व्हय? म्हशीला वैरण टाक.’

३ जून

सरांनी नोंद तपासून पाठवली. एकही शब्द बदललेला नाही. खाली लिहिलंय — ‘माझ्या वर्गात हीच सांगीन.’

८ जून, रविवार

बांडगूळ निघालं. नऊ ठिकाणी. अप्पा फांदीवर, आम्ही सगळे माना वर करून खाली.

‘गोरोबा, त्यो झुपका ऱ्हायला बघ!’ काका.

‘बांदा हाय त्यो. ऱ्हातोय नुसता.’

खाली हशा. पण कुणी तक्रार केली नाही. द्वारकाबाईंनी तर एक फूल कानाला लावून बघितलं — पडलेलं होतं, मी खात्री करून घेतली.

दुपारी सगळे गेल्यावर अप्पांच्या दोरावर पाय देऊन सहाव्या आंब्यावर चढले. तिथला बांदा सगळ्यात मोठा, खालून नीट दिसत नाही. खोड माझ्या हाताएवढं लांब, गळालेल्या पानांच्या खुणाच खुणा, मुळांचं जाळं फांदीभर. हे झाड फार सावकाश वाढतं. एवढं व्हायला वीस-पंचवीस वर्षं तरी हवीत. माप लिहिलं आणि पेन्सिल थांबली. तीस वर्षं दरसाल ह्याच फांदीवरून कोयता फिरला. मग हा कसा राहिला? खाली येऊन बाकीचेही आठवून बघितले. तेरातले निदान सात तरी माझ्या वयाचे आहेत.

९ जून

आईला विचारलं. भाकरी थापत होती, मान वर केली नाही. ‘त्यांनी बांदा तोडलाच न्हाय कवा. वर बसून नुसतं वरडायचं, झालं, काढलं! मला म्हणायचे, गाठच न्हाय त्येला, खात न्हाय कुणाचं, कशाला मारू?’

‘मग सभेत तसं का म्हणाले?’

‘लेक शिकवायली भर सभेत. बापानं मधी उठून म्हणावं व्हय, मला आधीच ठावं हाय?’

सभेच्या इतिवृत्तात उतरलंय — ‘श्री. गोरोबा यांनी अज्ञानाने तोडल्याचे मान्य केले.’ खोटं आहे. दुरुस्ती सुचवायची मुदत आज पाचपर्यंत होती. पंचायतीच्या पायरीपर्यंत गेले. दुरुस्ती न देताच परत आले.