आंतोनबाबांच्या वाट्याचं काम

फहाहील, गुरुवार, १४ नोव्हेंबर १९९६

आज तालमीत मी एका नटाचा सगळ्यांसमोर अपमान केला, म्हणून लिहायला बसले. आखातातल्या आमच्या मराठी मंडळाच्या नाटकात वडिलांचं काम करणारे जोशी रिफायनरीच्या ड्यूटीमुळे गळाले. दार उघडणाऱ्या नोकराचं काम करणारे आंतोनबाब पुढे आले. "बाई, मी करू? मला सगळ्यांची वाक्यं पाठ आहेत." मी फटकन म्हणाले, "तुमचं मराठी गोव्याचं. लोक हसतील. तुम्ही दार उघडा, तेवढं पुरे."

इथे येण्याआधी अठरा वर्षं पोर्तुगीज सिनेमांत त्यांनी तेच केलं. वेटर, ड्रायव्हर, दार उघडणारा नोकर. शेवटच्या दृश्यापर्यंत एकदाही उरले नाहीत, हे त्यांनीच हसत सांगितलेलं. आणि मीही त्यांना पुन्हा दारातच उभं केलं?

सगळ्यांची वाक्यं कशाला पाठ करता, असं मागे विचारलं होतं. "नाहीतर समोरच्याचं ऐकणार कसा?" म्हणाले. कॉलेजात नाटक शिकूनही हे मला कधी सुचलं नाही.

संध्याकाळी त्यांच्या खोलीवर गेले. माफी मागायला जीभ रेटेना. "वडील तुम्ही करा," एवढंच म्हटलं.

"मग दार कोण उघडणार, बाई?"

दिली: वडिलांच्या भूमिकेची वही, एक. नोकराच्या भूमिकेचं पान परत मागितलं. त्यांनी दिलं नाही.